बावन्न जास्त की बेचाळीस?

पेपर इकडे आण. मागच्या आठवड्याचाही आण. दोन्ही समोर ठेव आणि वाच मोठ्यानं. मागच्या सराव परीक्षेत साठपैकी बेचाळीस. या वेळी पंचाहत्तरपैकी बावन्न. आणि काल अख्ख्या अभ्यासिकेत काय सांगत फिरलास? "दहा मार्कांनी वर गेलो." घरीही फोन लावून तेच सांगितलंस. आईनं विश्वास ठेवला असेल. तिनं ठेवावा. तू कसा ठेवलास?

कर आता छेद सारखे. ६० आणि ७५ चा लसावि किती? बोल ना. ३००. बेचाळीसला पाचनं गुण. २१०. बावन्नला चारनं गुण. २०८. आधी तीनशेपैकी दोनशे दहा होते, आता दोनशे आठ आहेत. वर कुठं गेलास? खाली आलास. थोडाच आलास, पण खालीच आलास. आणि कालपासून स्वतःची पाठ थोपटत बसलास.

किती वेळ लागला या हिशेबाला? अर्धं मिनिटही नाही. यात न येण्यासारखं काय होतं? लसावि तुला येतो. पाचचा पाढा येतो. भागाकार येतो. म्हणून तर माझं डोकं फिरतं. ज्याला येत नाही त्याच्यावर मी कधी आवाज चढवत नाही, त्याच्या शेजारी बसून दहा वेळा समजावतो. तुला येतं. येत असून तू पेन उचलत नाहीस. नजर आकड्यावर जाते, बावन्न दिसतं, बेचाळीस दिसतं, आणि जीव भांड्यात पडतो. खालचा आकडा बघायची तुझी इच्छाच नसते. कारण खाली बघितलं की खरं कळतं.

आता हा प्रश्न बघ. २/५, ३/८, ५/९, ४/७. सर्वात मोठा कोणता? तू २/५ वर खूण केलीस. का? मला तुझं कारण तोंडपाठ आहे. "सर, छेद लहान तो अपूर्णांक मोठा." हे वाक्य कुठून आणलंस? शाळेतून. शाळेत हे वाक्य एवढंच होतं का? अंश सारखे असतील तर, असं त्याच्या आधी होतं. ३/७ आणि ३/८ मध्ये ३/७ मोठा, कारण दोन्हीकडे तुकडे तीनच आणि सातातला तुकडा आठातल्या तुकड्याहून मोठा. बरोबर. पण तू "अंश सारखे असतील तर" एवढं पुसून टाकलंस आणि उरलेलं अर्धं वाक्य इतकी वर्षं खिशात घालून फिरतोयस. अर्धं वाक्य घेऊन परीक्षेला बसणारा पोरगा अर्ध्या वाटेतच राहणार ना?

थांबून नुसतं बघितलं असतंस तरी पुरे होतं. पाचाचं निम्मं अडीच. वर दोनच आहेत. म्हणजे २/५ निम्म्याला पोचतच नाही. आठाचं निम्मं चार, वर तीन. तोही नाही. नवाचं निम्मं साडेचार, वर पाच. साताचं निम्मं साडेतीन, वर चार. दोन निम्म्याखाली, दोन निम्म्यावर. चारातले दोन पर्याय तर नजरेनंच उडाले, आणि तू नेमका उडालेल्यांतला एक उचललास! उरले ५/९ आणि ४/७. छेद त्रेसष्ट करायचा. ३५ आणि ३६. मोठा ४/७. झालं. सांग, यात कोणती पायरी तुझ्या आवाक्याबाहेरची होती?

आणि हे दुसरं. ११/१२ आणि १३/१४. तू लिहिलंस "समान". का, तर दोन्हीकडे एकच कमी आहे. एक काय कमी आहे? एकीकडे बारातला एक तुकडा कमी, दुसरीकडे चौदातला. चौदातला तुकडा लहान. म्हणजे १३/१४ पूर्णाच्या जास्त जवळ. अंश सारखे असताना छेद मोठा तर अपूर्णांक लहान, हा नियम जिथं खरोखर लावायचा होता तिथं तुला आठवला नाही. जिथं लागत नव्हता तिथं मात्र आठवला. नियमाचा दोष आहे का हा?

"सर, माझा पायाच कच्चा आहे." हे ऐकून ऐकून माझे कान किटले. दहावी झाली तेव्हा पाया कच्चा. बारावी झाली तेव्हा कच्चा. बी.ए. झालं, दोन भरत्या गेल्या, अजून कच्चाच? आता तो कोण पक्का करणार आहे? झेडपीच्या शाळेचं नाव पुढे करू नकोस. त्याच शाळांतली, त्याच गळक्या खोल्यांतली पोरं तलाठी झाली, फौजदार झाली. आणि बीड मागास, आपल्याकडे शिकवतच नाहीत, हे तर मुळीच सांगू नकोस. १९७८ साली अमेरिकेत राष्ट्रीय पातळीवर चाचणी झाली. तेरा वर्षांच्या मुलांना विचारलं, १२/१३ आणि ७/८ यांची बेरीज साधारण किती? पर्याय होते १, २, १९, २१. दोन्ही अपूर्णांक एकाच्या जवळचे, उत्तर २. ते फक्त २४ टक्के मुलांना आलं. निम्म्याहून जास्त मुलांनी १९ नाहीतर २१ सांगितलं. कुणी वरचे आकडे मिळवले, कुणी खालचे. म्हणजे ही खोड काही आपल्या मातीची नाही. अपूर्णांक हा एक आकडा आहे हे विसरून वर एक आणि खाली एक असे दोन सुटे आकडे बघायचे, ही जगभरची सवय आहे. तेव्हा जिल्ह्याच्या नावानं रडणं बंद.

दुसरं तुणतुणं, "सर, ट्रिक सांगा." पुन्हा ट्रिक! मोबाईलवर बघितलेली एक ट्रिक तुला येतेच आहे की. तिरकस गुणाकार. ५/८ आणि ७/११ दिले. पाच गुणिले अकरा पंचावन्न, सात गुणिले आठ छप्पन्न. इथपर्यंत तुझं पेन गाडीसारखं धावतं. मग थांबतं. छप्पन्न कुणाचे? डावीकडच्याचे की उजवीकडच्याचे? तुला ठाऊक नाही. मग काय केलंस? अंदाजानं खूण. अरे, ते पंचावन्न आणि छप्पन्न आकाशातून पडलेले नाहीत. ५/८ चे अठ्ठ्याऐंशीत पंचावन्न होतात. ७/११ चे अठ्ठ्याऐंशीत छप्पन्न होतात. छेद सारखा झाला म्हणून तो लिहायचा कंटाळा केला, एवढीच ती ट्रिक. खाली ८८ लिहिलं असतंस तर छप्पन्न कुणाचे हा प्रश्न पडलाच नसता. ट्रिक कुठून आली ते ज्याला कळतं, त्याचा वेळ ती वाचवते. तुझा वेळही गेला आणि मार्कही गेला.

सामान्य ज्ञानात "लीलावती कोणी लिहिली" असं आलं की तू प्रश्न पूर्ण वाचायच्या आत भास्कराचार्यांवर खूण करतोस. साल ११५० हेही तुला पाठ. त्यांचं विज्जडविड म्हणजे आपलं बीड, असं काही अभ्यासक मानतात, हे तर तू छाती फुगवून सांगतोस. काही जण चाळीसगावजवळच्या पाटणकडे बोट दाखवतात, तेव्हा तू वादही घालतोस. घाल. पण त्या लीलावतीत काय लिहिलंय ते कधी विचारलंस का? अपूर्णांकांच्या प्रकरणात समच्छेदाची रीत आहे. एकाच्या छेदानं दुसऱ्याचे अंश आणि छेद दोन्ही गुणायचे. आणि लगेच पुढे आहे, शहाण्यानं आधी छेदांना सामाईक भाग देऊन घ्यावा आणि मग गुणावं. साठ आणि पंचाहत्तरला पंधरानं भाग दे. चार आणि पाच. मघाशी बेचाळीसला पाचनं आणि बावन्नला चारनं गुणलं ते हेच. पावणेनऊशे वर्षांपूर्वी सांगून झालेली गोष्ट आहे ही. गाव आपलं म्हणून भांडायला तू पुढे, आणि रीत वापरायची वेळ आली की मागे?

"वेळ पुरत नाही." खोटं. पोलीस भरतीची लेखी शंभर प्रश्नांची, वेळ नव्वद मिनिटं. एका प्रश्नाला चोपन्न सेकंद. वरचा प्रश्न पाठ नसतानाही तीस सेकंदांत सुटतो. तुझा वेळ गणितात जात नाही, "करू की सोडू" या घोळात जातो. सोळाशे मीटरच्या वीस मार्कांसाठी पहाटे साडेचारला उठतोस, थंडीत, अनवाणी पळालायस तू. पायाला फोड आले तरी एक फेरी चुकवली नाहीस. ते बघून मला तुझा अभिमान वाटला होता. मग तोच पोरगा एका लसाविपुढे गुडघे टेकतो हे मी कसं खपवून घेऊ? ग्राउंडला कुणाच्या पुढे पळता येत नाही म्हणून कधी अंदाजानं रेषा ओलांडलीस का? इथं मात्र अंदाजपंचे. एका मार्कानं मेरिट हुकलेली किती पोरं या अभ्यासिकेतून रडत गेली, हे तुझ्यासमोरचं आहे.

आणि मला सगळ्यात जास्त काय लागतं सांगू? वहीबाहेर तुला हे सगळं येतं. ऊसतोडीत नवराबायको मिळून एक कोयता, एकटा माणूस म्हणजे अर्धा कोयता. तीन कोयते आणि तीन अर्धे कोयते मिळून साडेचार, हे तुला फडावर आईबापाबरोबर असताना, सातवीत कळत होतं. तेव्हा पाया कच्चा नव्हता? गावात वाटणी निघाली, एकाला एकराचा ५/८ आणि दुसऱ्याला ३/५ द्यायचं ठरलं, तर तू बांधावर उभ्या उभ्या सांगशील, पंचवीस गुंठे आणि चोवीस गुंठे. एकराचे चाळीस गुंठे केलेस म्हणजे काय केलंस? समच्छेदच केलास. तेहतीस फूट बाय तेहतीस फुटांचा एक गुंठा कमी पडला तर तू बांधावरून हलणार नाहीस. आणि पेपरात तेच ५/८ आणि ३/५ आले की "सर, हे कॉम्प्लिकेटेड आहे." बांधावर कॉम्प्लिकेटेड नव्हतं?

पैसेवारीचं बघ. दर वर्षी पन्नास पैशांच्या वर की खाली यावर गावं डोळे लावून बसतात. पूर्वी आणेवारी होती, सोळा आण्यांत. आता पैशांत, शंभरात. कशासाठी? कुठं बाजरी, कुठं कापूस, कुठं सोयाबीन. एका गावाचं पीक दुसऱ्या गावाशी, एका वर्षाचं दुसऱ्या वर्षाशी ताडून बघायचं तर सगळ्यांच्या खाली एकच आकडा लागतो. म्हणून रुपया धरला. टक्केवारीही तेच आहे, शंभराचा छेद. तू रोज पेपरात ती वाचतोस. जुन्या शाळेत पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी, दीडकी, अडीचकी, औटकी पाठ करून घेत. तुझ्या आजोबांच्या पिढीला साडेतिनाचा पाढा यायचा. तुझ्या हातात कॅल्क्युलेटर आला आणि पाऊण मोठं की दोन तृतीयांश, याला तू डोकं खाजवतोस.

आता नीट ऐक, हे पेपरातलं नाही. दिवाळीनंतर तुझे आईबाप गाडीत बसतात आणि पाचसहा महिने कारखान्यावर असतात. निघताना मुकादमाकडून उचल घेतलेली असते. हंगाम संपला की वहीवर हिशेब होतो, आणि वडील ती वही घेऊन तुझ्याकडे येतात. कारण घरात शिकलेला तू. समज, मुकादम म्हणाला, "उचल दहा आणे फिटली." वडील म्हणतात, "नाही, तिनातले दोन वाटे फिटली." कुणाचा आकडा मोठा? दहा आणे म्हणजे सोळातले दहा, ५/८. तिनातले दोन म्हणजे २/३. छेद चोवीस कर. १५ आणि १६. फरक चोविसातला एक. "एवढासा," असं म्हणशील. लाखाच्या उचलीवर तो एवढासा फरक चार हजार एकशे सदुसष्ट रुपयांचा आहे. जानेवारी २०२४ मध्ये तोडणीचा दर ३४ टक्क्यांनी वाढून टनाला ३६६ रुपये ठरला. त्या दरानं भागून बघ. अकरा टनांहून जास्त ऊस. तोडलेला, मोळ्या बांधून डोक्यावरून गाडीत चढवलेला. कुणाच्या डोक्यावरून, ते तुला मी सांगायला नको. त्या वेळी तू काय करणार? अंदाजानं खूण करणार? छेद लहान तो मोठा म्हणणार? की "बाबा, माझा पाया कच्चा आहे" असं सांगून वही परत देणार?

आणि त्याच ३४ टक्क्यांचं. गावात कुणी म्हणालं "तिसरा हिस्सा वाढ झाली," तर ते कमी सांगितलं की जास्त? ३४/१०० आणि १/३. तीनशेत एकशे दोन आणि शंभर. ३४ टक्के जरा जास्त. आलं ना? आलंच. बघ, न विचारता तू मनात गुणाकार केलास. मला तेच बघायचं होतं.

एक गोष्ट मात्र तुला खरंच कुणी सांगितली नसेल, ती सांगून ठेवतो. अपूर्णांक ताडायचे तर पूर्ण एकच हवं. माजलगाव धरणाचा उपयुक्त साठा ३१२ दलघमी. धनेगावच्या मांजराचा साधारण १७७. समज, माजलगाव एक तृतीयांश भरलं आणि मांजरा निम्मं भरलं. अपूर्णांक कोणता मोठा? निम्मा. पाणी कुठं जास्त? माजलगावात १०४, मांजरात अठ्ठ्याऐंशीच्या आसपास. अपूर्णांक लहान आणि पाणी जास्त. चूक कुठंच नाही, पूर्ण वेगळं आहे. म्हणून प्रश्न वाचताना आधी विचार, कशाचा भाग? मग विचार, कितवा भाग? तू हे दोन्ही न विचारता पर्याय वाचायला लागतोस.

दहा तास अभ्यास करतो म्हणून सांगतोस. तुझ्या मागच्या रांगेत जी मुलगी बसते ती सकाळी दुकानात काम करून येते, तिला सहाच तास मिळतात. तू तिच्यापेक्षा चार तास जास्त बसतोस, हे खरं. तुझ्या दहातले किती तास डोकं पुस्तकात असतं? खरं सांग. मोबाईल उलटा ठेवलेला नाही, चहाच्या टपरीच्या फेऱ्या मला दिसतात. चार म्हणूया, तेही मन मोठं करून. तिच्या सहातले पाच. मग ४/१० आणि ५/६ चे छेद तूच सारखे कर, मी नाही करणार. नुसते तास धरलेस तरी चार आणि पाचच आहेत. आणि तू मात्र "दहा" एवढंच सगळ्यांना सांगतोस, जसं "बावन्न" सांगितलंस.

पेपर उचल. आज रात्री ७/१२, ५/८ आणि ११/१८ चढत्या क्रमानं लावायचे. सातबाऱ्यातले सात आणि बारा हे नमुन्यांचे क्रमांक आहेत, इथं ते अपूर्णांक आहेत, तेव्हा त्यावर काही शहाणपणा नको. दशांशात उत्तर आणलंस तर फाडून टाकीन. लसावि कसा काढला ते लिही, प्रत्येक अंश कितीनं गुणला ते लिही, छेद तिन्हींच्या खाली लिही. मग चुकलेले सगळे प्रश्न पुन्हा, पहिल्यापासून. आणि घरी फोन कर. दहा मार्कांनी वर गेलो नाही, तीनशेत दोननं खाली आलो, असं आईला सांग. ते सांगून झाल्याशिवाय उद्या वर्गात बसायचं नाही.